मुक्या सिनेमातलं अहो

मला इंग्रजी वाचता येत नाही. बोलता येतं, तेही पावाच्या कारखान्यापुरतं. भट्टी तापलीय, ट्रे उचल, उद्या सुट्टी पाहिजे, एवढं. शाळा चौथीपर्यंत, ती साताऱ्याकडे, मास्तर आले तर. इथल्या मराठी मंडळाचा अंक काढणाऱ्या बाई म्हणाल्या, आठवतं तसं लिहा, शुद्धलेखन आम्ही बघतो. म्हणून लिहितोय. कुठे चुकलं तर त्यांना धरा.

बायको थंडीत गेली. सकाळी भाजी चिरताना उजवा हात लुळा पडला, ॲम्ब्युलन्स आली, दोन दिवस हॉस्पिटलात काढले आणि संपलं. चव्वेचाळीस वर्षांचा संसार. भेटायला आलेले लोक म्हणाले, सुटली, हाल झाले नाहीत. मी म्हणालो, हं. दुसरं काय म्हणणार.

महिन्याभराने एक फोन आला. लंडनात एजवेअरला आमच्या घरापासून दहा मिनिटांवर एक हॉल आहे. तिथे दर मंगळवारी दुपारी म्हाताऱ्या माणसांना मुके सिनेमे दाखवायचे. फोन करणारा होता सिनेमाचं मशीन चालवणारा गोरा, रिटायर झालेला शाळामास्तर. म्हणाला, तुमच्या मिसेसची उशी खुर्चीवर राहिली आहे. न्यायला या असं तो म्हणाला नाही, सभ्य माणूस. मीच म्हणालो, येतो.

ती दोन वर्षं तिथे जात होती. दोनला निघायची, पाचला यायची. आली की कांदा चिरता चिरता सांगायची, आज तो पाण्यात पडला, आज हिने त्याला छत्रीने मारलं. मी टीव्हीवर बातम्या बघत असायचो. कसला सिनेमा, कोण पडला, मी एकदाही विचारलं नाही. मला वाटायचं, ज्यात बोलणं नाही ते बघायला घराबाहेर कशाला जायला पाहिजे.

मी गेलो तो मंगळवारच होता. हॉलमध्ये चाळीसएक खुर्च्या, समोर पांढरा पडदा, बाजूला पियानो. पियानो वाजवणारी बाई ऐंशीच्या पुढची, हातात बोटं कापलेले मोजे घालून वाजवायची, कारण हीटर एकच होता आणि तो मास्तरच्या मशीनपाशी. आपली माणसं डाव्या हाताला. तीन मराठी बायका, दोन गुजराती. त्यांच्या मधे एक खुर्ची रिकामी, तिच्यावर ही उशी. मरून रंगाची, जुन्या साडीची शिवलेली. महिनाभर त्या खुर्चीवर कोणी बसलं नव्हतं. मी उशी उचलायला वाकलो आणि दिवे गेले. अंधारात कुठे धडपडायचं, म्हणून मी तिच्यावर बसलो.

हे सिनेमे म्हणजे दहा-बारा मिनिटांचे तुकडे. बोलपट यायच्या आधी इथेच, इंग्लंडात काढलेले. सगळ्यांत भानगड एकच. पोराला पोरगी आवडलेली असते आणि मधे रीतभात आडवी येते. टोपी कधी उचलायची, दारातून आधी कोणी जायचं, अनोळखी बाईशी बोलायचं तर कोणी ओळख करून द्यायची. त्यात तो चुकतो आणि लोक हसतात. मधे मधे काळी पाटी येते, तिच्यावर इंग्रजीत लिहिलेलं. ती मला वाचता येत नव्हती, पण फारसं अडलं नाही. एकदाच अडलं. पहिल्या तुकड्यात पोरगा गुडघा टेकून खाली बसला आणि पोरगी लाजली. मला वाटलं, कोटाचं बटण पडलं असेल, शोधतोय. नंतर कळलं, लग्नाचं विचारत होता.

मास्तरकडे रिळं सात-आठच. फिरून फिरून तीच लावायचा. कोणाची तक्रार नव्हती. आमच्या वयाच्या माणसांना तेच तेच चालतं.

दुसरा तुकडा लागला तो असा. समुद्रकिनारी एक बाकडं. त्यावर एक पोरगी आणि तिची जाडजूड मावशी. एक हडकुळा कारकून जाता-येता टोपी उचलतो. वारा सुटलेला, टोपी उचलली की उडते, हा तिच्यामागे पळतो, परत येतो, परत उचलतो. शेवटी मावशी म्हणते, चहाला ये. म्हणजे पाटीवर तसं लिहिलेलं असणार. चहाला हा येतो. टेबलाभोवती सगळी बडी माणसं. ह्याला काही येत नाही, म्हणून शेजारचा करेल तसं करतो. शेजाऱ्याने रुमाल मांडीवर घेतला, ह्याने घेतला. शेजारी शिंकला, हा पण शिंकला. लोक हसत होते, मी पण थोडा हसलो. बायको गेल्यावर पहिल्यांदाच. मग चहा आला. वाफा निघत होत्या. पोरगा घाबरलेला, त्याने कप उचलला, चटका बसला, मग त्याने चहा बशीत ओतला आणि बशी तोंडाला लावून प्यायला.

आणि गोरी माणसं अशी हसली की पियानोचा आवाज ऐकू येईना.

मला कळेना. चहा गरम होता, त्याने निववून घेतला. अख्ख्या सिनेमात ह्या पोराने केलेलं शहाणपणाचं काम हे एवढंच. मला वाटलं, मागे काहीतरी झालं असेल, मांजर वगैरे आली असेल. मी शेजारच्या बाईला विचारलं, काय झालं? ती कानात म्हणाली, 'भावजी, बशी. बशीत ओतला ना त्याने.'

तेव्हा माझ्या अंगावरून गरम पाणी गेल्यासारखं झालं. आता ते सांगायला पाहिजे.

आमचा मुलगा ब्रॅकनेलला कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. तिकडचीच गोरी मुलगी त्याने पसंत केली. आमचं काही म्हणणं नव्हतं, असतं तरी तो ऐकणार नव्हता. ह्याला दहा वर्षं होऊन गेली. लग्नाआधी मुलीच्या आईबापाने आम्हा दोघांना चहाला बोलावलं. घर छान, अंगण छान, कार्पेट साईच्या रंगाचं. कप पातळ, त्याचा कान एवढासा की माझं बोट त्यात जाईना. चहा उकळता. मी जन्मभर प्यालो तसा बशीत ओतला, दोन्ही हातांनी बशी धरली, फुंकर मारली आणि प्यालो. आवाज झाला असेल, होतोच. मुलगा कानापर्यंत लाल झाला. व्याही छताकडे बघायला लागले. विहीणबाईंनी काही झालंच नाही असं दाखवून केक पुढे केला. आणि समोर बसलेली माझी बायको माझ्याकडे बघून म्हणाली, अहो.

एवढंच. हळू.

आता ज्याची बायको त्याला अहो म्हणते त्यालाच हे कळेल. अहो हा एक शब्द नाही. चहा झाला, हे एक अहो. कोणीतरी आलंय, सदरा घाला, हे दुसरं. पोराला ताप भरलाय, उठा, हे तिसरं. बसखाली जाल, बघून उतरा, हे चौथं. मला तिची सगळी ओळखू यायची, आंघोळीच्या खोलीतून आली तरी. हे मात्र नवीन होतं. आधी कधी ऐकलेलं नव्हतं. मी त्याचा अर्थ लावला तो असा, की तिला माझी लाज वाटली. गोऱ्यांसमोर, मुलासमोर.

परत येताना ट्रेनमध्ये मी तिला म्हणालो, 'माझी लाज वाटते तर बरोबर आणायचं नव्हतंस.' ती खिडकीबाहेर बघत राहिली. दुसऱ्या दिवशी मी हाय स्ट्रीटवरच्या दुकानातून एक जाड मग आणला आणि म्हणालो, आजपासून चहा ह्यात द्यायचा, बशी ठेवायची नाही. दहा वर्षं मी मगमधून चहा प्यालो, जीभ भाजून घेतली. भांडण नव्हतं. बोलणं-चालणं, सण-वार, डॉक्टर-औषधं सगळं नेहमीसारखं. पण तो मग मी सोडला नाही आणि तिने कधी त्याबद्दल काही म्हटलं नाही. ती गेल्यावर मला सारखं तेच आठवायचं. हॉस्पिटलात शेवटी तिला बोलता येत नव्हतं, तेव्हाही माझ्या डोक्यात हेच. हिला माझी लाज वाटते, आणि ही तशीच चालली.

तर सिनेमात पुढे असं झालं. मावशीचा चष्मा गळून पडला, बडी माणसं उभी राहिली. पोरगा बशी हातात धरून थिजलेला. पोरगी त्याच्याकडे बघते, मावशीकडे बघते, खाली बघते. आणि मग ती सावकाश आपला कप उचलते, चहा बशीत ओतते आणि पिते. झालं, पाटी आली, बाकड्यावर दोघं बसलेली, संपलं.

दिवे लागले तशी तीन मराठी बायकांतली थोरली, जी हॅरोहून बसने येते, ती डोळे पुसत होती. मला वाटलं, हसून. मी म्हणालो, चांगला होता. ती म्हणाली, 'चांगला कसला भावजी. बोलणारीच नाही तर काय मजा.'

मग त्यांनी मला जे सांगितलं ते मला माहीतच नव्हतं. पाट्या ह्यांच्यापैकी कोणालाच धड वाचता यायच्या नाहीत. तेव्हा माझी बायको बोलायची. पडद्यावरच्या माणसांच्या तोंडी मराठी घालायची, हळू आवाजात, ह्या पाच जणींपुरती. मावशीला सातारी बोलायला लावायची. पोलीस आला की, 'काय रं, कुणाच्या वावरात शिरलास?' शेजारच्या रांगेतल्या गोऱ्या बायका आधी श्श करायच्या, मग त्यांनीही सोडलं. काही कळत नसताना त्याही हिचं ऐकून हसायच्या. घरात मला भाजीचा भाव सांगताना जिचा आवाज बसायचा ती ही बाई.

'आणि ह्या बशीच्या सिनेमात?' मी विचारलं.

थोरली आणि त्यांच्यातली धाकटी एकमेकींकडे बघायला लागल्या. मग धाकटी म्हणाली, 'ह्यात तिने दोघांना एक एकच शब्द दिलेला. पोरगी सारखी अहो म्हणायची. वाऱ्यात टोपी गेली, अहो. मावशी आली, अहो. प्रत्येक अहो वेगळं. आम्ही मरायचो हसून.'

'आणि पोरगा?'

'पोरगा हं म्हणायचा.'

'नुसतं हं?'

'नुसतं हं. काही झालं तरी हं.' आणि मग तिच्या लक्षात आलं आपण कोणाशी बोलतोय, तशी ती पर्समधे काहीतरी शोधायला लागली.

मला राग आला. लपवत नाही. दोन वर्षं ही दर मंगळवारी पाच बायकांसमोर माझी नक्कल करत होती. पण रागापेक्षा दुसरंच मोठं होतं. बशीच्या जागी ती अहो म्हणायची का, आणि म्हणायची तर कसं? ते जर ब्रॅकनेलचंच असलं, तर ह्यांनी ते ऐकलं होतं. मला जे दहा वर्षं उमगलं नाही ते ह्यांना सांगता आलं असतं.

मी विचारलं. थोरली म्हणाली, रागाने म्हणायची, डोळे वटारून. धाकटी म्हणाली, छे, हसू दाबून. तिसरीला आठवेना. गुजराती बायकांनी हात वर केले, त्या म्हणाल्या आम्ही तर नुसत्या हसायचो. थोरली आणि धाकटी तिथेच जुंपल्या, असं नव्हे गं, तसं नव्हे गं, आणि एकीने म्हटलेलं अहो दुसरीला पटेना. मास्तर मशीन आवरत होता, त्याला वाटलं भांडण झालं, तो बिस्किटं घेऊन आला.

शेवटी थोरली म्हणाली, तिच्या शेजारी बसायची ती आणखी एक होती, ती दिवाळीआधी लीड्सला गेली मुलीकडे. सगळ्यात जवळची तीच. तिला माहीत.

ह्या बाईंना मी वहिनी म्हणतो. त्यांचे मालक माझ्याबरोबर कारखान्यात होते, ते वारले त्याला सात-आठ वर्षं झाली. मुलगी लीड्सला मोठ्या हॉस्पिटलात नर्स. मी मुलाला सांगितलं की लीड्सला जातोय. तो म्हणाला, 'बाबा, तुम्ही फोन कर ना तिला. एवढी लांब कशाला?' त्याचं मराठी असंच आहे, इथे वाढलेला. मी म्हणालो, फोनवर होण्यासारखं नाही. तो म्हणाला, 'इज समथिंग राँग?' मी म्हणालो, नाही. खरंच, फोनवर काय विचारणार? अहो कसं म्हणायची, असं?

गोल्डर्स ग्रीनहून कोच पकडला, लांबच्या गावाला जाणारी बस. साडेचार-पाच तास लागले. बाहेर मेंढ्या आणि गोडाउनं. वहिनींचं घर चढावर, धाप लागली. मुलगी ड्यूटीवर होती. वहिनींनी दार उघडलं, माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं आणि म्हणाल्या, वाळलात. मग पोहे दिले. मी पोहे संपवले, बशी खाली ठेवली आणि सरळ विचारलं. फिरवून बोलणं मला येत नाही.

'वहिनी, त्या बशीच्या सिनेमात ती अहो म्हणायची ते कसं? मला म्हणून दाखवा.'

'एवढ्यासाठी आलात?'

'हो.'

'आणि मी तुमच्या तोंडावर म्हणू? तसं?'

लोकांना आपण अहो म्हणतोच, अहो भावजी, अहो डॉक्टर. पण ते वेगळं, आणि हे वेगळं, हे त्यांनाही माहीत होतं. त्यांचे मालक गेल्यापासून तसं अहो त्यांच्या तोंडातूनही निघालं नसणार. बराच वेळ त्या पदराचं टोक चाळत बसल्या. मग उठल्या, खिडकीकडे गेल्या, माझ्याकडे पाठ केली आणि म्हणाल्या, 'अहो.'

आवाज चिरकला. खोकल्या. 'असं नाही,' म्हणाल्या. परत म्हटलं. मी डोळे मिटून ऐकत होतो. ते नव्हतं. तिसऱ्यांदा म्हटलं, ते तर त्यांचं स्वतःचं निघालं, त्यांच्या मालकांना असायचं तसं, आणि त्या तिथेच थोडा वेळ उभ्या राहिल्या. परत येऊन बसल्या तेव्हा डोळे ओले होते, पण बोलणं ठणठणीत.

'नाही जमत. ते तिचंच. पण भावजी, तुम्ही सुराचं काय घेऊन बसलात? तुम्हाला जे विचारायचंय ते विचारा ना.'

मी विचारलं, 'तिला माझी लाज वाटली होती का?'

'वाटली होती,' वहिनी म्हणाल्या. 'मला तिने स्वतः सांगितलं. ब्रॅकनेलला, व्याह्यांच्या घरी. जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं होतं तिला.'

पाच तास कोचमध्ये बसून हे ऐकायला आलो होतो. मला वाटलं होतं वाईट वाटेल. वाटलंही. पण बरंच हलकंही वाटलं. खरं ते कोणीतरी तोंडाने बोललं. आणि त्या भरात मी वहिनींना ते सांगितलं, जे कोणाला सांगितलं नव्हतं. इथेही वर लिहिताना मी ते गाळलं आहे.

चहा यायच्या आधीची गोष्ट. आम्ही त्या घरात शिरलो तशी माझ्या बायकोने पिशवीतून हळदीकुंकवाची कोयरी काढली. विहीण पहिल्यांदा भेटते, तिची ओटी भरायलाच पाहिजे. मुलाने गाडीत दोनदा सांगितलं होतं, आई, नको. तिने ऐकलं नाही. विहीणबाईंना मधोमध उभं केलं, कपाळाला हळदकुंकू लावलं आणि खुणेने सांगितलं, पदर पुढे करा. बिचारीला पदर कुठला. अंगात स्वेटर. तिने स्वेटरचं टोक पसरलं. माझ्या बायकोने त्यात नारळ, खण आणि ओंजळभर तांदूळ घातले, परत घातले, पाच वेळा. आणि विहीणबाईंना वाटलं आता झालं, त्यांनी हात मिळवायला हात पुढे केला. सगळं खाली. नारळ गडगडत सेटीखाली गेला. तांदूळ अख्ख्या कार्पेटवर. माझी बायको खाली बसून तांदूळ वेचायला लागली, व्याही व्हॅक्यूम आणतो म्हणाले, मुलगा नुसता उभा. आणि मी काय केलं? मी मोठ्या खिडकीशी गेलो आणि अंगणातली फुलं बघत उभा राहिलो. मला फुलांमधलं काही कळत नाही. मी तिच्याकडे पाठ करून उभा होतो, म्हणजे कोणाला वाटू नये की ही खाली बसलेली बाई माझी आहे.

'आणि मग मी तिलाच ट्रेनमध्ये म्हणालो, माझी लाज वाटते का,' मी वहिनींना म्हणालो.

वहिनी हसायला लागल्या. मला राग यायचा राहिला, एवढ्या हसल्या.

'भावजी, ते तिला माहीत होतं.'

'काय माहीत होतं?'

'तुम्ही खिडकीशी का गेलात ते. ती खाली बसून तुमच्या बुटांकडे बघत होती. म्हणायची, ह्यांना गुलाब आणि कोबीतला फरक कळत नाही आणि फुलं बघत होते. म्हणायची, एकाच दुपारी मी ह्यांना लाजले, हे मला लाजले, फिटंफाट.'

'फिटंफाट म्हणाली?'

'कितीदा तरी. त्या सिनेमात पोरगी बशीत चहा ओतते ना, तिथे ती कधी काही बोलायचीच नाही. त्या दोघी भांडल्या म्हणता, त्या उगीच. तिथे ती गप्प बसायची. मला एकदा म्हणाली, हिला जमलं बघ, मला नाही जमलं. माझ्या हातात कप होता.'

मी विचारलं, 'मग हे मला का सांगितलं नाही?'

'सांगायला आली होती. दोनदा. फिटंफाट म्हणायचं ठरवून आली होती. तुम्ही बातम्या बघत होतात. हं म्हणालात.'

आता मला ते दोनदा कधी ते आठवत नाही. लाख प्रयत्न केला. बातम्या मी रोजच बघायचो, हं रोजच म्हणायचो. त्यातलं कुठलं, ते कसं सापडणार.

वहिनींनी आणखी एक सांगितलं. म्हणाल्या, ते तांदूळ पुढे कित्येक वर्षं निघत होते. सेटी हलवली की दोन दाणे, पडदे धुवायला काढले की एक. आणि प्रत्येक वेळी विहीणबाई माझ्या बायकोला फोन करायच्या. दुपारी, मी कामावर असताना, नंतर मी झोपलेला असताना. मी म्हणालो, हिला इंग्रजी येत नव्हतं आणि तिला मराठी, बोलायच्या काय? 'बोलायचं काय त्यात,' वहिनी म्हणाल्या. 'ती म्हणायची राइस. ही हसायची. ती हसायची. ठेवून द्यायच्या.'

दहा वर्षं माझ्या घरात हा फोन वाजत होता.

रात्री मुलगी ड्यूटीवरून आली, जेवलो, मला त्यांनी पुढच्या खोलीत झोपवलं. सकाळच्या कोचने परत आलो. उशी बरोबर नेली होती, पाठीला घ्यायला, ती चुकून तिथेच राहिली. वहिनींचा फोन आला, पाठवू का. मी म्हणालो, राहू द्या तुमच्याकडे.

दोन दिवस गेले. मुलाला फोन करून मी विहीणबाईंचा नंबर मागितला. तो घाबरला. 'बाबा, व्हॉट हॅपन्ड?' मी म्हणालो, काही झालं नाही, एक गोष्ट विचारायची आहे. म्हणाला, 'मला सांग ना, मी विचारतो.' मी म्हणालो, माझं मी विचारीन. त्याने एकेक आकडा हळू सांगितला, मी लिहून घेतला.

दुपारी अडीचला फोन लावला. विहीणबाईंनी उचलला. मी माझं नाव सांगितलं. त्या पटकन म्हणाल्या, ती गेली त्याचं फार वाईट वाटतं, तुम्ही कसे आहात, जेवता का, असं बरंच. अर्धं कळलं. मी त्यांना बोलू दिलं. मग मी विचारलं, राइस?

त्या म्हणाल्या, यस. लास्ट वीक. वन.

मला पुढचं इंग्रजी येत नव्हतं. फोन कोणीच ठेवला नाही. त्यांच्याकडे किटली शिट्टी वाजवत होती ती मला ऐकू येत होती, आणि बराच वेळ त्या ती बंद करायला उठल्या नाहीत.